सेनापतींचे तळेगाव

लोणावळा लोकल देहूरोड, बेगडेवाडी, घोरावाडी करत तळेगावात येते, तेव्हा डबा अर्धा रिकामा होतो. कंपनीचे ओळखपत्र गळ्यात अडकवलेली पोरे, कॉलेजच्या मुली, भाजीच्या पिशव्या सांभाळणाऱ्या मावश्या उतरतात. स्टेशनाबाहेर रिक्षावाल्याला नुसते "तळेगाव" म्हटले तर तो विचारतो, "स्टेशन की गाव?" कारण तळेगावात आजही दोन वस्त्या नांदतात. मी ज्यांच्याविषयी लिहिणार आहे ती मंडळी गावातली.

महाराष्ट्रात तळेगावे पुष्कळ. ढमढेऱ्यांचे वेगळे, दिघ्यांचे वेगळे, अमरावतीकडचे दशासर वेगळे. मावळातल्या तळेगावाला चिकटले ते दाभाडे. ज्यांची पाटीलकी त्यांचे आडनाव गावाला लागले, एवढीच त्यातली हकीकत. पण हे पाटील पुढे मराठी राज्याचे सेनापती झाले आणि काही वर्षे अशी गेली, की छत्रपती साताऱ्यात, पेशवे सासवडला आणि सेनापती तळेगावात. पुण्यात शनिवारवाड्याची कुदळ पडायच्या आधीची ही गोष्ट. त्या काळी कुणाला विचारले असते, की पुणे आणि तळेगाव यांतले थोर गाव कोणते, तर उत्तर द्यायला तो क्षणभर थांबला असता.

येसाजी दाभाडे शिवाजी महाराजांच्या पदरी होते. 1689 साली संभाजी महाराजांचा घात झाला, रायगडाला वेढा पडला आणि राजाराम महाराजांना वेष पालटून पन्हाळ्याहून जिंजीला निघावे लागले. त्या प्रवासात जी मोजकी माणसे बरोबर होती त्यांत येसाजींची दोन मुले होती, खंडेराव आणि शिवाजी. कर्नाटकातून, शत्रूच्या तोंडून निसटत, पायपीट करत केलेला तो प्रवास. धाकटा शिवाजी त्या दगदगीत गेला, असे दाभाडे घराण्यात सांगतात. खंडेराव जिंजीला पोचले. राजाराम महाराजांनी त्यांना 'सेनाधुरंधर' किताब दिला. घराण्याचे भाग्य उजळले ते असे, एका पळापळीत. मराठेशाहीतल्या कितीतरी घराण्यांची मुळे जिंजीच्या त्या आठ-नऊ वर्षांत रुजली आहेत. राजाकडे द्यायला रोकड नव्हती, मग तो कागदावर मुलूख देत होता. मुलूख मोगलांच्या ताब्यात होता. ज्याने जिंकावा त्याने खावा, असा तो व्यवहार.

खंडेरावांच्या वाट्याला बागलाण आणि गुजरातची वाट आली. अठराव्या शतकाच्या पहिल्या वर्षांपासून त्यांच्या स्वाऱ्या तापी ओलांडू लागल्या. 1707 साली शाहू महाराज मोगलांच्या कैदेतून सुटून आले आणि ताराबाईंशी वाद जुंपला, तेव्हा खंडेराव शाहूंकडे आले. पुढची दहा वर्षे सातारच्या गादीची दैना होती. सेनापती चंद्रसेन जाधव फुटून गेला, त्यानंतरचे सेनापती टिकले नाहीत. 1713 साली ताराबाईंच्या पक्षाचे आरमारप्रमुख कान्होजी आंग्रे घाट चढून वर आले, लोहगड-राजमाची घेतली आणि त्यांच्यावर धाडलेले पेशवे बहिरोपंत पिंगळे यांनाच कैद केले. आज जिथे चिक्कीची दुकाने आणि बंगल्यांच्या पाट्या दिसतात त्या लोणावळ्याच्या परिसरात 1714 साली नवे पेशवे बाळाजी विश्वनाथ आणि कान्होजी यांचा तह झाला. कान्होजींनी बहिरोपंतांना सोडले, शाहूंचा पक्ष धरला आणि घेतलेल्यापैकी बरेच परत दिले, राजमाची मात्र ठेवून घेतली. मावळची घाटमाथ्याची कड शांत झाली ती इथून. खंडेरावांनाही त्या शांततेचा उपयोग झालाच असणार, कारण घराच्या मागच्या दाराशी आरमारवाला शत्रू बसलेला असताना गुजरातेत निवांत कोण राहील?

त्यांनी सुरत ते बऱ्हाणपूर या रस्त्यावर ठाणी बसवली. हा रस्ता म्हणजे मोगलाईची नाडी. सुरतेच्या बंदरात उतरलेला माल याच वाटेने बऱ्हाणपूरला आणि तिथून उत्तरेला जाई. खंडेरावांची माणसे ठाण्याठाण्यावर व्यापाऱ्याला अडवत, चौथाई वसूल करत, नाही दिली तर माल लुटत. दख्खनचा सुभेदार सय्यद हुसेन अली चिडला आणि त्याने झुल्फिकार बेगाला आठ हजार स्वार देऊन पाठवले. खंडेरावांनी समोरासमोरचा सामना टाळला. खानदेशाच्या डोंगराळ मुलखात बेगाला खेचत नेला, वेढला आणि कापून काढला. बेगही पडला. 11 जानेवारी 1717 रोजी शाहूंनी खंडेरावांना सेनापतीची वस्त्रे दिली.

पुढच्याच वर्षी तोच हुसेन अली आणि मराठे एका बाजूला आले. बाळाजी विश्वनाथांबरोबर मराठी फौज दिल्लीला गेली तीत खंडेराव होते. 1719 साली चौथाई-सरदेशमुखीच्या सनदा हातात पडल्या, पण त्या दख्खनच्या सहा सुभ्यांच्या. गुजरात आणि माळवा मागितले होते, बादशहाने दिले नाही. गुजरातेवर मराठ्यांचा हक्क कागदावर कुठेच नव्हता, तो केवळ तलवारीचा होता आणि ती तलवार सेनापतींच्या हातात होती. पुढचे सगळे भांडण या एका फटीतून उगवले.

हा कारभार चालायचा कसा? दसऱ्याला सीमोल्लंघन. फौज खानदेशातून बागलाणात, तिथून नवापूरच्या जंगलातून गुजरातेत उतरायची. बारगीर म्हणजे सेनापतीच्या घोड्यावर बसणारा, शिलेदार म्हणजे स्वतःचे घोडे घेऊन आलेला. दोघांचे पोट वसुलीवर. आषाढाच्या आत परत यायचे, पावसाळा छावणीत काढायचा, हिशेब करायचे, कर्ज फेडायचे, नवे काढायचे. मुलूख लांब, सेनापती एक. मग दूरचा मुलूख राखायला मुतालिक, म्हणजे आपल्या नावाने काम पाहणारा माणूस, ठेवावा लागे. मुतालिकाला स्वतःची फौज ठेवावी लागे, आणि स्वतःची फौज आली की स्वतःची महत्त्वाकांक्षाही येते.

खंडेरावांचे हे मुतालिक होते गायकवाड. खेड तालुक्यातल्या दावडीचे घराणे. 1720 च्या बाळापूरच्या लढाईत मराठे निजामाविरुद्ध लढले आणि हरले, पण दमाजी गायकवाडांनी नाव कमावले. खंडेरावांनीच शाहूंकडे शिफारस केली, 'समशेर बहाद्दर' किताब मिळवून दिला. दमाजी लवकरच वारले, त्यांच्या जागी पुतण्या पिलाजी आला. पिलाजींनी गुजरातच्या तोंडाशी सोनगडचा किल्ला घेऊन तिथे तळ टाकला. सोनगड तळेगावापासून लांब आणि सुरतेपासून जवळ. या भूगोलाकडे तेव्हा कुणी फारसे लक्ष दिले नाही.

खंडेरावांनी कमावलेले कुठे गेले ते पाहायचे तर तळेगाव-चाकण रस्त्यावर इंदोरीला थांबावे. इंद्रायणीकाठी त्यांनी 1720-21 मध्ये भुईकोट गढी बांधली. खाली घडीव दगड, वर विटा, असे बुरूज. दरवाजा अजून उभा आहे आणि त्यातून आत गेले की कडजाईचे देऊळ लागते. डोंगरी किल्ला नव्हे, सपाटीवरचे घर. मावळात लोहगड, विसापूर, तुंग, तिकोना असे बेलाग किल्ले दारात असताना सेनापतीने गढी बांधावी नदीकाठी, भातखाचरांच्या शेजारी, यात मला त्या माणसाचा स्वभाव दिसतो. लढाई दूरच्या मुलखात करायची आणि घर गावाजवळ ठेवायचे.

आणि श्रावण. श्रावणात तळेगावला दरवर्षी काही हजार ब्राह्मण जमत. कित्येक दिवस जेवणावळी चालत, दक्षिणा वाटली जाई. पावसाळा असल्याने फौज घरी, सेनापतीही घरी, वसुलीचा पैसा नुकताच आलेला. मावळातला श्रावण ज्याने अनुभवला आहे त्याला त्या पंगती डोळ्यांपुढे येतील: सतत झिमझिम, ओल्या लाकडांचा धूर, वाफाळता भात आणि पानावर पडणारे तूप. गुजरातच्या व्यापाऱ्याकडून घेतलेला पैसा इंद्रायणीच्या काठी असा खर्च होत होता. त्या दक्षिणेचे पुढे काय झाले ते सांगतोच, कारण दाभाड्यांच्या सगळ्या मिळकतीत तीच सगळ्यांत जास्त टिकली.

1729 साली खंडेराव वारले. तळेगावात बनेश्वराच्या देवळाजवळ त्यांची समाधी आहे. सेनापतिपद मोठा मुलगा त्रिंबकराव याच्याकडे आले. 10 जानेवारी 1730 रोजी पुण्यात बाळाजी विश्वनाथांचे चिरंजीव पेशवे बाजीराव यांनी शनिवारवाड्याचा पाया घातला. दोन तरुण, दोन गावे, मध्ये वीस मैल, आणि दोघांची नजर एकाच सुभ्यावर.

बाजीरावांचे म्हणणे सरळ होते. राज्य वाढवायचे तर धोरण एक हवे आणि ते छत्रपतींच्या नावाने पेशव्याने ठरवावे. त्रिंबकरावांचे म्हणणेही सरळ होते. गुजरात आमच्या वडिलांनी रक्त सांडून मिळवला, यात पेशव्याचा काय संबंध? दोघेही आपापल्या जागी बरोबर होते, असे म्हणून सुटका करून घेता येते. मला वाटते त्रिंबकरावांची बाजू हक्काची होती आणि बाजीरावांची काळाची. 1730 मध्ये बाजीरावांचे धाकटे भाऊ चिमाजी अप्पा यांनी गुजरातचा मोगल सुभेदार सरबुलंदखान याच्याकडून चौथाई-सरदेशमुखीचा करार पेशव्याच्या नावे लिहून घेतला. म्हणजे जो हक्क दाभाड्यांकडे तलवारीने होता तो आता कागदाने दुसऱ्याकडे गेला. पुढच्या वर्षी बाजीरावांनी नवा सुभेदार, जोधपूरचा अभयसिंग, याच्याशी बोलणे केले. तेरा लाख रुपये चौथाई ठरली आणि अट अशी, की पेशव्याने पिलाजी गायकवाडाला बडोद्यातून हुसकावून लावावे. मराठी पेशवा मोगल सुभेदाराच्या वतीने मराठी सेनापतीच्या मुतालिकाला हाकलणार!

तिकडे त्रिंबकरावांनीही कमी केले नव्हते. त्यांनी निजामाशी संधान बांधले. पिलाजी होतेच, कंठाजी कदम बांडे आले, उदाजी आणि आनंदराव पवार आले. पेशव्याच्या वाढत्या बळाने ज्यांचे ज्यांचे पोट दुखत होते ते सगळे एका छत्राखाली. ब्राह्मण पेशव्यापासून मराठ्यांचे राजे सोडवायला निघालो आहोत, अशी भाषा त्यांनी केली. निजाम येऊन मिळाला असता तर बाजीरावांचे काही खरे नव्हते. म्हणून बाजीरावांनी बडोद्याचा वेढा सोडला आणि निजाम पोचायच्या आत दाभाड्यांना गाठले.

1 एप्रिल 1731. डभईजवळ भिलापूरचे मैदान. दाभाड्यांची फौज पस्तीस हजारांच्या घरात, पण तीत भरती फार, नवखी माणसे फार. बाजीरावांची कमी, पण पागेतली, कसलेली. पहिल्याच धडकेत नव्या भरतीची फळी फुटली. कंठाजी मागे सरले. त्रिंबकराव हत्तीवर होते. आपली माणसे पळताना पाहून त्यांनी हत्तीच्या पायांत साखळदंड घालायला लावले, म्हणजे माहुताने वळवायचे म्हटले तरी हत्ती वळू नये. आणि धनुष्य घेतले. बाण ओढून ओढून बोटांची सालटी निघाली असे सांगतात. बाजीराव घोड्यावर होते आणि सेनापतीला जिवंत धरावे अशी त्यांची इच्छा होती, असेही सांगतात. ती खरी असो वा मागाहून सुचलेली, बंदुकीची एक गोळी आली आणि त्रिंबकराव हौद्यातच गेले. जावजी दाभाडे, मालोजी पवार, पिलाजींचा मुलगा सयाजी पडले. उदाजी पवार पकडले गेले. पिलाजी जखमी होऊन निसटले.

हत्तीच्या पायातल्या त्या साखळीचा मी बरेचदा विचार करतो. शौर्य म्हणून ती गोष्ट सांगितली जाते आणि ते शौर्य होतेच. पण पळायची सोय स्वतःच बंद करणे हा सेनापतीचा गुण आहे का? खंडेरावांनी झुल्फिकार बेगाला डोंगरात खेचून मारले होते, मैदानात जागेवर उभे राहून नव्हे. मुलाने बापाची फौज घेतली, बापाची युक्ती घेतली नाही.

जिंकून बाजीराव परत आले ते अडचणीत. पेशव्याने सेनापती मारला, हे साताऱ्यात उघडपणे मिरवण्यासारखे नव्हते. शाहू महाराज स्वतः तळेगावी जाऊन त्रिंबकरावांच्या आईची समजूत काढून आले, असे सांगतात. बाजीरावांना तिच्या पायांवर घातले, हातात तलवार दिली आणि म्हणाले, मारायचे तर मारा, क्षमा करायची तर करा. प्रसंग नाटकात शोभेल असा आहे. कागदावर जे झाले ते कोरडे आहे. धाकटा यशवंतराव सेनापती झाला, आई त्याची पालक, पिलाजी गायकवाड मुतालिक म्हणून कायम आणि वर 'सेनाखासखेल'. माळवा पेशव्याने सांभाळावा, गुजरात सेनापतीने, एकमेकांच्या हद्दीत पाय ठेवू नये, आणि गुजरातच्या उत्पन्नातला निम्मा हिस्सा पेशव्यामार्फत सरकारात भरावा. हा निम्मा हिस्सा वीस वर्षे कुणी गंभीरपणे मागितला नाही. मागितला तेव्हा घर बुडाले.

आणि दक्षिणा? श्रावणात तळेगावला जमणारे ब्राह्मण बाजीरावांनी पुण्याला बोलावले. दाभाड्यांची पुण्याई खंडू नये हे निमित्त. पुढे पर्वतीच्या रमण्यात हजारोंच्या संख्येने शास्त्री-वैदिक जमू लागले आणि पेशवाईचे ते वैभव ठरले. पेशवाई गेली, दक्षिणा राहिली. मुंबईचा गव्हर्नर एल्फिन्स्टन याने तिच्यातून पैसा वळवून 1821 साली विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा काढली. तीच पुढे डेक्कन कॉलेज झाली. 1849 साली पुण्याच्या सुधारकांनी, त्यांत लोकहितवादी होते, अर्ज केला की या पैशाचा काही भाग मराठी ग्रंथांच्या बक्षिसांसाठी द्यावा. त्यावरून पुण्यात केवढा गहजब झाला! न्यायमूर्ती रानडे विद्यार्थिदशेत दक्षिणा फेलो होते. मराठी ग्रंथकाराला मिळालेल्या त्या बक्षिसाचे मूळ शोधत गेले तर ते तळेगावच्या ओल्या अंगणातल्या पंगतीत सापडते. पुण्याने तळेगावाचे एवढे तरी देणे मान्य करायला हरकत नाही.

आता त्या आईबद्दल. उमाबाई कळवणकडच्या अभोण्याच्या ठोके देशमुखांची मुलगी. सप्तशृंगीच्या गडाला 1710 च्या सुमारास तिने शेकडो पायऱ्या बांधून दिल्या. नवरा गेला, दोन वर्षांत कर्ता मुलगा गेला. यशवंतराव वयाने लहान, पुढे व्यसनात बुडालेला. सेनापतीची वस्त्रे त्याच्या अंगावर आणि सेनापतीचे काम आईच्या डोक्यावर. 1732 साली डाकोरला अभयसिंगाच्या माणसाने पिलाजी गायकवाडांचा दगाबाजीने खून केला. उमाबाईंनी फौज गोळा केली, पिलाजींचा मुलगा दमाजी आणि कंठाजी कदम यांना बरोबर घेतले आणि थेट अहमदाबाद गाठले. अभयसिंगाने चौथाई-सरदेशमुखी मान्य केली, वर अहमदाबादच्या उत्पन्नातून ऐंशी हजार रुपये कबूल केले. शाहूंनी तिच्या पायात सोन्याचे तोडे घातले, अशी आठवण घराण्यात आहे. डभईला मुलाचे प्रेत पडून दोन वर्षे झाली नव्हती.

1734 मध्ये बडोदे गायकवाडांनी परत घेतले आणि ते पुन्हा कधी सोडले नाही. इथून पुढे गुजरातेत दमाजी वाढत गेले आणि तळेगावात यशवंतराव खंगत गेले. वसूल करणारा दमाजी, लढणारा दमाजी, माणसे ओळखत ती दमाजीला. मुजरा मात्र तळेगावच्या दिशेने.

जपानच्या इतिहासात याला स्वतंत्र शब्द आहे, गेकोकुजो, म्हणजे खालच्याने वरच्याला गिळणे. 1467 च्या ओनिन युद्धानंतर शंभरएक वर्षे तिथे हेच चालले. क्योतोमध्ये सम्राट पूज्य आणि निर्बळ. त्याच्या नावाने राज्य करणारा शोगुनही हळूहळू नावापुरता उरला. प्रांतांचे सामुराई सरदार राजधानीत अडकले आणि प्रांत त्यांच्या मुतालिकांनी खाल्ला. ओवारी प्रांताचे धनी शिबा घराणे, त्यांचे मुतालिक ओदा. त्या ओदांच्या एका शाखेतून नोबुनागा निघाला, त्याने निम्मे जपान एका छत्राखाली आणले आणि 1582 साली त्याच्याच सरदाराने क्योतोच्या होन्नोजी देवळात त्याला घेरले, तिथेच त्याने प्राण दिला. साताऱ्यात छत्रपती, पुण्यात पेशवा, तळेगावात सेनापती, सोनगडला गायकवाड ही उतरंड लावून पाहिली की तो शब्द आपल्याकडे का नाही याचेच नवल वाटते. आपण त्याला 'मुतालिकी' म्हणतो आणि पुढे जातो.

15 डिसेंबर 1749 रोजी शाहू महाराज वारले. बाजीरावांचे चिरंजीव, पेशवे बाळाजी बाजीराव कर्जात होते आणि त्यांना जुना कागद आठवला: गुजरातचा निम्मा हिस्सा. उमाबाईंनी वकील पाठवला, उपयोग झाला नाही. 22 नोव्हेंबर 1750 रोजी आळंदीला त्या स्वतः पेशव्यांना भेटल्या. तो करार जबरदस्तीने लिहून घेतलेला होता, तो आम्हांला बांधत नाही, हे त्यांचे म्हणणे. पेशवे हलले नाहीत. दोनच दिवसांनी साताऱ्यात ताराबाईंनी नवे छत्रपती रामराजे यांना कैद केले. दोन वृद्ध विधवा, एक कोल्हापूरच्या गादीचे मूळ, एक तळेगावची, पेशव्याविरुद्ध उभ्या राहिल्या. ताराबाईंकडे किल्ला होता, उमाबाईंकडे फौज. म्हणजे दमाजी.

दमाजी पंधरा हजार स्वार घेऊन गुजरातेतून आले. 15 मार्च 1751 रोजी साताऱ्याजवळ निंब येथे त्यांनी पेशव्यांच्या मोठ्या फौजेला पाणी पाजले. पण पेशवे निजामाच्या सरहद्दीवरून वाऱ्यासारखे परतले. वेण्णेच्या खोऱ्यात दमाजी कोंडले गेले, बोलणी सुरू झाली आणि 30 एप्रिलच्या संध्याकाळी, बोलणी चालू असतानाच, पेशव्यांनी छावणीवर घाला घातला. त्या दगाबाजीनंतर दमाजींनी पेशव्यांना कधी उजव्या हाताने मुजरा केला नाही, डाव्यानेच केला, असे सांगतात.

दमाजींना पुण्याला आणले. पाठोपाठ दाभाडे मंडळीही अटकेत. निम्मा गुजरात लिहून द्या, असा तगादा दमाजींच्या मागे. त्यांचे उत्तर ठरलेले: मी चाकर, धनी दाभाडे, त्यांना विचारल्याशिवाय मी काय लिहिणार? महिने गेले. 14 नोव्हेंबर 1751 रोजी त्यांना लोहगडावर पाठवले. लोहगडाहून तळेगाव सहा-सात कोस. ज्या धन्याच्या नावावर ते नकार देत होते त्याचे गाव पायथ्याच्या पवन मावळापलीकडे, आणि धन्याच्या हातात आता काही नाही. जहागीर गेली, किताब गेले. कार्तिक ते फाल्गुन, लोहगडाच्या माथ्यावर थंडी बोचते ती या दिवसांत. तिथे बसून दमाजींनी हिशेब केला असावा.

30 मार्च 1752 रोजी ते सुटले ते दाभाड्यांचे मुतालिक म्हणून नव्हे. त्यांनी निम्मा गुजरात कबूल केला, पंधरा लाख एकरकमी, सव्वापाच लाख सालाना, वीस हजार स्वारांची चाकरी. आणि ताराबाई-उमाबाईंची बाजू सोडली. करारात आणखी एक कलम होते: यशवंतराव दाभाड्यांच्या पोटगीची व्यवस्था गायकवाडांनी करावी.

उमाबाई 28 नोव्हेंबर 1753 रोजी पुण्यात वारल्या. ज्या गावाने त्यांची दक्षिणा घेतली, त्यांच्या मुलाचा सुभा घेतला, त्याच गावात. समाधी तळेगावात, बनेश्वरापाशी.

तळेगावाचे नाव नंतर एकदाच मोठ्या इतिहासात आले आणि तेही जळताना. जानेवारी 1779 मध्ये मुंबईकर इंग्रजांची फौज बोरघाट चढून खंडाळा, कार्ले करत पुण्याकडे निघाली. 4 तारखेला कार्ल्याजवळ कॅप्टन स्टुअर्ट, आपला इष्टुर फाकडा, पडला. 9 तारखेला इंग्रज तळेगावात पोचले तर गाव पेटवलेले, दाणागोटा नाही. दोन दिवसांनी रात्री त्यांनी जड तोफा तळ्यात ढकलल्या आणि माघार घेतली. वडगावला महादजी शिंद्यांनी त्यांना घेरून तह लिहून घेतला. वडगावला त्या विजयाची कमान आहे, महादजींचा पुतळा आहे. त्यासाठी ज्यांचे गाव जाळले गेले त्यांच्याकडे तेव्हा ना फौज उरली होती ना पद.

बडोद्याच्या लक्ष्मीविलास राजवाड्यापुढे मराठी माणूस अभिमानाने फोटो काढतो आणि काढावा. दर रविवारी मळवलीला उतरून हजारो पोरे लोहगडावर विंचूकाट्याचे फोटो काढतात, त्यांनीही काढावेत. फक्त परतीच्या लोकलने एखाद्या वेळी तळेगावला उतरा. रिक्षावाला विचारील, तेव्हा "गाव" म्हणा आणि बनेश्वराच्या देवळापाशी सोडायला सांगा. तिथे राजा-राणी असे कुणी नाही. एक सेनापती आहे आणि त्याच्या मागे वीस वर्षे सेनापतीचे काम केलेली त्याची बायको आहे.